पलीकडच्या विंगेत

हे ज्यांच्याबद्दल लिहितो आहे ते गृहस्थ एकेकाळी चेक चित्रपटांत काम करायचे. माझी त्यांची ओळख झाली तेव्हा ते न्यू जर्सीत शाळेची बस चालवत होते. मी त्यांच्याशी एकदा वाईट वागलो, आणि जे केलं ते चार वर्षं कुणालाच सांगितलं नाही.

२००१ चा हिवाळा. पिस्कॅटवेला आम्ही ज्या अपार्टमेंट्समध्ये राहायचो तिथे बरीच बिऱ्हाडं आपलीच होती, आणि त्या हिवाळ्यात त्यांतले कितीतरी पुरुष भर दिवसा पार्किंगमध्ये दिसायला लागले होते. माझंही काम सुटलं होतं. कंपनी म्हणायची, हातातला प्रोजेक्ट संपला, आता तुम्ही बेंचवर आहात, पुढचा येईल. व्हिसा कंपनीच्या हातात. मुलगी शाळेत जायची. फोनवर मुलाखती चालतात तेव्हा घरात आवाज नको म्हणून बायको लायब्ररीत जाऊन बसायची. मुलाखती काही येत नव्हत्या. त्या दिवसांत मला वाईट वाटायचं असंही म्हणता येणार नाही. काहीच वाटायचं नाही. आपण जेवलो की नाही हे आठवायला सिंकमध्ये ताटली आहे का ते बघायचो.

अशाच एका सकाळी मी फोडणी करून ठेवली आणि गॅस बंद करायला विसरलो. स्मोक अलार्म वाजायला लागला. मी त्याच्याखाली उभा राहून तो वाजताना ऐकत होतो. दार वाजलं. खालच्या मजल्यावरचे म्हातारे गृहस्थ हातात झाडू घेऊन उभे. काही न बोलता आत आले, झाडूच्या दांड्याने अलार्मचं बटण दाबलं, खिडकी उघडली, गॅस बंद केला. मग म्हणाले, "शेजारी, नाटकात पहिल्या अंकात आग लागत नाही."

मी चहा केला. बसच्या सकाळच्या आणि दुपारच्या फेरीच्या मधे त्यांना चार-पाच तास मोकळे असायचे. त्यानंतर ते रोज दहाला यायचे आणि चहा घ्यायचे. बोलायचे तेच जास्त. मला ते बरं वाटायचं, कारण मग मला काही करावं लागत नसे. बायकोने त्यांना काका म्हणायला सुरुवात केली. "म्हणजे मी तुमच्यात कोण?" त्यांनी विचारलं. "वडिलांचा भाऊ," बायको म्हणाली. त्यांनी मान डोलावली. मला मात्र ते 'शेजारी'च म्हणत राहिले.

त्यांचे वडील लाकडाच्या गिरणीत होते. काकाही पोरवयात तिथेच कामाला लागले आणि तिथेच त्यांच्या उजव्या हाताची करंगळी मोडली. ती वाकडीच जोडली गेली. पुढे एका फिरत्या नाटक कंपनीत गेले, आणि घोड्यावर बसता येतं म्हणून चित्रपटात घेतले गेले. हिरो कधीच झाले नाहीत. जंगलखात्याचा शिपाई, नवऱ्यामुलाचा मित्र, स्टेशनमास्तर, असल्या भूमिका. "पोस्टर करणाऱ्याला माझा चेहरा काढायची कधी गरज पडली नाही," ते म्हणायचे. एका चित्रपटात मात्र त्यांचं मोठं काम होतं. हिरो आणि ते एका भिंतीवर बसून प्लम खातात आणि लग्न करावं की नाही यावर बोलतात. चार मिनिटं. त्या चार मिनिटांविषयी ते सहज तासभर बोलायचे. कोणत्या वाक्याला बी थुंकायची, ती हिरोच्या वाक्याआधी की नंतर, दिग्दर्शकाशी वाद कसा झाला.

अडुसष्टच्या उन्हाळ्यात त्यांच्या देशात रशियन रणगाडे आले आणि शरद ऋतूत काका देश सोडून निघाले. बहीण मागे राहिली. देश सोडलेल्या माणसाचं नाव मग पडद्यावर ठेवायचं नाही असं ठरलं. श्रेयनामावलीतून त्यांचं नाव गेलं, आणि त्या चित्रपटातून ती चार मिनिटंही गेली. बहिणीने गावातल्या थिएटरात तो पुन्हा पाहिला आणि पत्र लिहिलं. पत्रं उघडून वाचली जात, म्हणून अगदी साधं लिहिलं होतं: भिंतीवर आता तो एकटाच बसतो. पण एकदा बाजूने एक हात येऊन त्याला प्लम देतो. करंगळी मी ओळखली.

हे सांगताना त्यांचा आवाज जसा असायचा तसाच होता. मग म्हणाले, "साखर आहे का अजून?"

अमेरिकेत त्यांनी तीन-चार वर्षं प्रयत्न केला. उच्चार आडवे यायचे. एका जाहिरातीत रशियन झाले. एका मालिकेत प्रेत झाले. "मेलेल्या माणसाला उच्चार लागत नाहीत," ते म्हणाले. "मी चांगला मेलो होतो." त्यानंतर बस. तीस-एक वर्षं झाली होती, ते रंगमंचावर उभे राहिले नव्हते.

वसंतात मला प्रोजेक्ट मिळाला. चहा शनिवारवर गेला, पण सुटला नाही.

२००४ मध्ये मी मराठी मंडळाचा कार्यवाह झालो. दरवर्षी दिवाळीच्या कार्यक्रमात आम्ही नाटक बसवायचो, आणि त्या वर्षी बसवत होतो त्यात एक इंग्रज साहेब होता. गावात पुलासाठी मोजणी करायला आलेला. एरवी असल्या भूमिकेला आम्ही आमच्यातला एखादा घारा, गोरा माणूस घेऊन त्याला पावडर फासायचो. मी म्हटलं, माझ्या खाली खराखुरा नट राहतो.

नाटक बसवणाऱ्या ताई नागपूरच्या होत्या. म्हणाल्या, "मराठी बोलून राहिले का ते?"

"शिकवतो मी."

"मग आणा नं. हॅट तरी खरी वाटेल."

काकांना विचारलं तेव्हा त्यांनी कप खाली ठेवला. मग म्हणाले, "माझी बहीण ऑक्टोबरमध्ये येते आहे. व्हिसा मिळाला तिला. पहिल्यांदाच." कप पुन्हा उचलताना म्हणाले, "तिने माझं शेवटचं काम पाहिलं ते म्हणजे तो हात."

एवढंच बोलले. मला समजलं होतं. आपल्याला ते समजलं नव्हतं असं मी नंतर स्वतःला पटवायचा प्रयत्न केला, म्हणून इथे स्पष्ट लिहितो.

साहेबाला अकरा वाक्यं होती. मी ती मराठीत म्हणायचो आणि ते आपल्या लिपीत, अक्षरांवर छोटे हूक काढून, वहीत उतरवायचे. 'ळ' त्यांना येईना, तर बसमध्ये सिग्नलला थांबले की म्हणत बसायचे. मुलं त्यांना हसतात म्हणून त्यांनीच सांगितलं. सरपंच ओरडतो, "पाटी कोणी पाडली रे?" आणि त्यावर साहेब ती मोजणीची पाटी काखेत घेऊन प्रवेश करतो. त्यांनी मला विचारलं, साहेब कुठून आला? सकाळी काय खाल्लं त्याने? बूट ओले आहेत का? मी ताईंना विचारलं. ताई म्हणाल्या, "विंगेतून आला म्हणा."

तालमी वेस्ट विंडसरला एकाच्या बेसमेंटमध्ये व्हायच्या. दोनची तालीम असली की आमची माणसं साडेतीनला यायची, एकेक डबा घेऊन. काका पावणेदोनला येऊन बाहेर गाडीत बसायचे. घरवालीने आत बोलावलं तरी यायचे नाहीत. दिग्दर्शकाच्या आधी आत जायचं नसतं म्हणायचे. मी त्यांना कधी सांगितलं नाही की दोन म्हणजे साडेतीन. आपल्या लोकांबद्दल तसं सांगायची लाज वाटली.

सरपंच करणारा डेटाबेसवाला होता. तो प्रत्येक विनोदानंतर थांबून हशाची वाट बघायचा. काकांनी त्याला बाजूला घेतलं. "थांबू नकोस. हसतील तेव्हा ऐकू येईल."

"अंकल, नाही हसले तर?"

"तर तू पुढे गेलेला असशील."

सगळे हसले. पुढच्या तालमीपासून तो थांबेनासा झाला.

कार्यक्रम शनिवारी दुपारी, एका हायस्कूलच्या सभागृहात होता. वेळ एकची. सहाला हॉल रिकामा करून द्यायचा, असं शाळेच्या माणसाने सकाळीच सांगितलं होतं. किल्ल्यांचा जुडगा घेऊन तो मागच्या दाराशी खुर्ची टाकून बसला होता. मंडळाचा एक अलिखित नियम होता की कुणाच्याही मुलाला नाही म्हणायचं नाही. त्यामुळे नाटकाआधी मुलांचे चौदा कार्यक्रम. समोसे उशिरा आले, म्हणून सुरुवातच दोन वीसला झाली. मग प्रायोजकांना शाल-श्रीफळ. मग अध्यक्षांचं भाषण, ते म्हणाले मी दोनच शब्द बोलणार आहे.

बहिणीला मी स्वतः तिसऱ्या रांगेत बसवलं होतं. बारीक, करड्या केसांची, निळा कोट गुडघ्यांवर घडी करून ठेवलेली बाई. इंग्रजी येत नव्हतं. मी कार्यक्रमपत्रिकेवर नाटकाच्या ओळीला पेनने गोल केला, आतल्या बाजूला बोट दाखवलं, आणि माझ्या डोक्यावर हॅट असल्यासारखा हात केला. ती हसली. तिने माझा हात दोन्ही हातांत धरला.

नाटक चार पस्तीसला सुरू झालं. लांबी एक तास चाळीस मिनिटं. मी डाव्या विंगेत हातात वेळापत्रक घेऊन उभा होतो. पहिला अंक संपता संपता ताई माझ्याकडे आल्या.

"कार्यवाह, टाइमच नाहीये. पंधरा-वीस मिनिटं काढा कुठून तरी."

"मी काढू?"

"मी आता डायलॉग बघू का घड्याळ? तुम्ही सांगा, मी यांना सांगते."

मी कागद बघितला. दुसऱ्या अंकात हवालदाराचा प्रवेश काढता आला असता. हवालदार अध्यक्षांचे मेहुणे होते. सरपंचाच्या बायकोचं गाणं काढता आलं असतं. तिचे सासू-सासरे पुण्याहून आले होते आणि पहिल्या रांगेत कॅमेरा घेऊन बसले होते. साहेबाचा प्रवेश अठरा मिनिटांचा होता. मी पेन्सिलीने त्यावर रेघ मारली. मारताना माझ्या मनात जे वाक्य आलं ते मला अजून पाठ आहे: यांचं हॉलमध्ये कोणी नाही.

तिसऱ्या रांगेत निळा कोट मला तिथूनही दिसत होता.

ताईंनी डावीकडच्या सगळ्यांना सांगितलं. काका उजव्या विंगेत होते, कारण साहेबाची एंट्री उजवीकडून. तिकडे जायला रंगमंचामागून एक बोळ होता. फार तर चाळीस पावलं. ताईंना वाटलं, त्यांना आणलं मी, तर मीच सांगेन. मी म्हटलं, जातो आता. हवालदाराचा प्रवेश झाला की जातो. गाणं झालं की जातो. मला भीती वाटत होती असंही नाही. बेंचवरच्या दिवसांत अलार्मखाली उभा होतो, तसा उभा होतो.

पडद्याच्या फटीतून ते मला दिसत होते. पांढरा सूट, हातात हॅट, काखेत पाटी. सुरकुत्या पडतील म्हणून ते बसले नव्हते. ओठ हलत होते. मराठी त्यांना येत नव्हतं. फक्त त्या एका वाक्याची ते वाट बघत होते. प्रत्येक वेळी सरपंच ओरडला की मान किंचित वर करायचे.

सहाला पाच मिनिटं असताना पडदा पडला. टाळ्या. सगळे रांगेत उभे राहिले. ताईंनी काकांना हाताने बोलावलं, "या नं काका, या," पण ते आले नाहीत. मी तेव्हा चाळीस पावलं चाललो.

त्यांनी पाटी भिंतीला टेकवून ठेवली होती. चेहरा पावडरखाली कसा होता ते कळत नव्हतं.

"मी चुकलो," ते म्हणाले. "मला ऐकू आलं नाही. तो बोलला आणि मला ऐकूच आलं नाही. शेजारी, तू माझ्यासाठी शब्द टाकला होतास."

इथे एक वाक्य बोलायचं होतं. पाच सेकंदांचं काम होतं. मी म्हणालो, "असू दे काका. होतं असं."

त्यांनी मग मेकअपच्या खोलीत जाऊन प्रत्येकाची माफी मागितली. सरपंचाचा हात धरून म्हणाले, "तू मधे सांभाळून घेतलंस. कुणाच्या लक्षातही आलं नाही." त्याला वाटलं ते प्रवेश कापल्याबद्दल काहीतरी मोठेपणाने बोलताहेत. तो म्हणाला, "नो प्रॉब्लेम अंकल, नेक्स्ट इयर." सगळे तेच म्हणाले. नो प्रॉब्लेम. किल्लीवाला माणूस दिवे बंद करायला लागला होता.

बाहेर बहीण डब्यातली बर्फी हातात घेऊन उभी होती. ते तिच्याशी काहीतरी बोलले, आपल्या कानाला बोट लावून दाखवलं. तिने त्यांच्या गालावरची पावडर रुमालाने पुसली.

गाडीत बायकोने विचारलं, "त्यांचा सीन कट होणार हे आधी सांगितलंस ना त्यांना?"

"हो," मी म्हणालो.

पुढच्या महिन्यात काकांनी कान तपासून घेतले. शनिवारी आले तेव्हा उजव्या कानामागे एक कातडीच्या रंगाचं यंत्र होतं. "डॉक्टर म्हणतो एवढं काही वाईट नाही," ते म्हणाले. "पण मला माहीत आहे." ते सारखं शिट्टी वाजवायचं. चहा पिताना ते त्याची चकती फिरवत बसायचे. बसच्या नोकरीत ऐकण्याची चाचणी असते. पुढच्या वर्षीच्या चाचणीत नापास होण्यापेक्षा आपणच सोडलेली बरी, म्हणून त्यांनी डिसेंबरात नोकरी सोडली. हेही त्यांनी मला साखर मागतात तसंच सांगितलं. मी साखर दिली.

मंडळाने पुढच्या वर्षी त्यांना पुन्हा विचारलं. ते नाही म्हणाले. माझ्याकडे बघून ताई म्हणाल्या, "नाराज झाले का हो ते?" मी म्हणालो, वय झालं.

त्यानंतर मला मिशिगनमध्ये काम मिळालं आणि आम्ही ट्रॉयला गेलो. मी जुनी नोकरी त्यांच्यामुळे सोडली असं म्हणणार नाही. पगार, बढती, मुलीची शाळा, सगळं कारण होतं. पण ट्रकमध्ये सामान चढवताना मला हलकं वाटलं, आणि ते कशामुळे हे मला माहीत होतं. वर्षाअखेर कार्ड यायचं त्यांचं. बायको उत्तर लिहायची. मी खाली सही करायचो.

२००८ च्या कार्डात एक जास्तीची ओळ होती. बहीण वसंतात गेली. बायकोने ती वाचून दाखवली आणि म्हणाली, "फोन कर." मी फोन केला नाही. ऑफिसच्या कामासाठी न्यू जर्सीला जायचं होतं. ते एका दिवसाने वाढवलं आणि पिस्कॅटवेला गेलो.

त्याच घरात होते. दार उघडलं, मला बघून म्हणाले, "शेजारी. आज आग नाही लागली." चहा त्यांनी केला. टेबलावर बहिणीच्या पत्रांचा गठ्ठा होता. वरचं पत्र त्यांनी मला दाखवलं. भलीमोठी अक्षरं, एका पानावर सहा-सात ओळी. "त्या नाटकानंतर ती असंच लिहायची," ते म्हणाले. "तिला वाटायचं, मला ऐकू येत नाही तर मोठ्याने लिहायला हवं."

मी घरून ठरवून आलो होतो काय बोलायचं ते. त्यातलं काही बोललो नाही. म्हणालो, "काका, तुमची एंट्री चुकली नव्हती. तो प्रवेश झालाच नाही. वेळ नव्हता म्हणून कापला. ते वाक्य त्या दिवशी कोणी बोललंच नाही."

त्यांनी यंत्राची चकती फिरवली. "पुन्हा सांग."

मी पुन्हा सांगितलं.

"कापला कोणी?"

"मी."

"दिग्दर्शक बाईने नाही?"

"नाही. तिने मला विचारलं. मी तुमचा कापला."

"का?"

"कारण बाकी सगळ्यांची माणसं आली होती."

"माझीही आली होती."

"मला माहीत होतं," मी म्हणालो. "मीच बसवलं होतं त्यांना."

ते उठले नाहीत, आवाज चढला नाही. खिडकीबाहेर कुणीतरी गाडी रिव्हर्स घेत होतं, ते त्यांनी पूर्ण होईपर्यंत बघितलं. मी माफी मागितली. माफीचे शब्द इंग्रजीत फार सोपे आहेत. दिवसातून वीस वेळा आपण ते बोलतो. त्यांनी ते ऐकले की नाही मला कळलं नाही.

मग त्यांनी कानामागचं यंत्र काढलं आणि बशीत ठेवलं. ते बारीक शिट्टी वाजवत राहिलं.

"बोल आता ते," ते म्हणाले.

"काय?"

"ते वाक्य. पण ओरडू नकोस. तो जेवढ्या आवाजात बोलायचा तेवढ्याच."

 मग मी सरपंचाच्या आवाजात म्हणालो, "पाटी कोणी पाडली रे?"

ते खुर्चीतच होते. मान किंचित वर झाली होती, तेव्हा विंगेत व्हायची तशी. डोळे माझ्यावर नव्हते, दाराकडे होते. मला वाटलं ते आता बोलतील. अकरा वाक्यं मला पाठ होती आणि त्यांनाही असणार. ते बोलले नाहीत.

"ऐकू आलं असतं मला," ते म्हणाले.

मग बशीतलं यंत्र उचलून त्यांनी त्याची शिट्टी बंद केली आणि विचारलं, ट्रॉयला बर्फ किती पडतो. मी सांगितलं. चहा गार झाला होता, तो मी तसाच प्यायलो.